शेवटच्या प्रकरणातले होम्स

खंड सरकतात असे सांगणारे आल्फ्रेड वेगेनर आज शाळकरी मुलांनाही ठाऊक आहेत. ते सरकवते कोण, याचे पटण्याजोगे उत्तर देणारे आर्थर होम्स मात्र भूगोलाच्या पुस्तकात एखाद्या वाक्यापुरते येतात. हा हिशेब बरोबर नाही.

होम्स यांचा जन्म १८९० चा, ईशान्य इंग्लंडमधला. त्यांच्या लहानपणी पृथ्वीचे वय म्हणजे लॉर्ड केल्विन सांगतील ते. तापलेला गोळा निवायला किती काळ लागेल हे मांडून केल्विन यांनी अखेर दोन ते चार कोटी वर्षांचा आकडा दिला होता. भूवैज्ञानिकांना तो तोकडा वाटे. पण गणिताला उत्तर गणितानेच द्यायचे, आणि ते कोणाकडे नव्हते. होम्स यांनी वेगळी वाट धरली. युरेनियमचे ठरावीक गतीने शिसे होत जाते; तेव्हा खनिजात युरेनियम किती उरले आणि शिसे किती साठले ते मोजायचे. १९११ मध्ये, वयाच्या एकविसाव्या वर्षी, त्यांनी नॉर्वेतल्या एका खडकाचे वय ३७ कोटी वर्षे काढले, सिलोनमधल्या एकाचे १६४ कोटी. त्या एका खडकापुढे केल्विन यांची अख्खी पृथ्वी पोरसवदा ठरली!

असल्या आकड्यांवर पोट मात्र भरत नव्हते. शिष्यवृत्तीत भागेना म्हणून होम्स खनिजे शोधायला मोझांबिकला गेले आणि हिवताप घेऊन परतले. १९२० मध्ये ब्रह्मदेशातल्या एका तेल कंपनीत मुख्य भूवैज्ञानिक झाले. कंपनी बुडाली, तिच्यासोबत पगारही बुडाला, आणि तिथेच त्यांचा लहानगा मुलगा आमांशाने दगावला. पृथ्वीच्या वयावर पुस्तक लिहिलेला हा माणूस मग न्यूकॅसलमध्ये दुकान मांडून शोभेच्या वस्तू विकत बसला. १९२४ मध्ये डरहॅम विद्यापीठाने बोलावले, तेव्हा भूशास्त्र विभागात शिक्षक म्हणून ते एकटेच होते.

तिथे असतानाच, १९२७ च्या डिसेंबरात, त्यांनी एका व्याख्यानात आपली कल्पना मांडली. खडकांतल्या किरणोत्सारी द्रव्यांची उष्णता पृथ्वीच्या पोटातल्या थराला अतिशय संथपणे ढवळत राहते आणि ते प्रवाह वरचे खंड ओढून नेतात. १९४४ च्या त्यांच्या पाठ्यपुस्तकात शेवटच्या प्रकरणात याची आकृती आहे: मधोमध वर येणारा उष्ण प्रवाह, दुभंगलेला खंड, फटीत तयार होणारा नवा समुद्र आणि कडेला खाली बुडणारा जड खडक. सोबत त्यांचा इशाराही आहे की, स्वतंत्र पुरावा मिळेपर्यंत अशा कल्पनांना शास्त्रीय मोल नाही.

या सावधपणामुळेच श्रेय निसटले, असे म्हणावे तर समुद्रतळ पसरत जातो असे मांडणारे अमेरिकेचे हॅरी हेस यांनीही १९६२ च्या आपल्या शोधनिबंधाला भूकाव्य म्हटले होते. फरक इतकाच की, हेस यांच्या हाताशी समुद्रतळाची मोजमापे होती आणि पुढच्याच वर्षी त्या तळाच्या खडकांतल्या चुंबकीय पट्ट्यांचा पुरावा पुढे आला. होम्स हेस यांच्या पस्तीस वर्षे आधी बोलले होते. १९६५ मध्ये ते गेले, तेव्हा पृथ्वीचे कवच सरकत्या तुकड्यांचे आहे असे सांगणारा भूपट्ट सिद्धान्त आकाराला येतच होता.

भूगोलाच्या शिक्षकांना एकच विनंती. यंदा भूपट्ट शिकवताना होम्स यांची ती १९४४ ची आकृती आधी फळ्यावर काढा, वर्षासकट.