'रियांशी'चा अर्थ काय?

शहरातील कोणत्याही बालवाडीचा हजेरीपट उघडला तर देवांशी, प्रियांशी, दिव्यांशी, रियांशी ही नावे ओळीने भेटतात. तीन पिढ्यांपूर्वी त्याच जागी हेमलता, शशिकला, इंदुमती होत्या. मधल्या काळात मनीषा, वर्षा, मेघा आल्या. प्रत्येक पिढीला पुढच्या पिढीची नावे विचित्र वाटतात, हे खरे. पण या नव्या जोडनावांबाबतचा आक्षेप थोडा वेगळा आहे. 'याला अर्थ काय?' असे आजी विचारते, तेव्हा आई-वडील इंटरनेटवरील एखाद्या नामसूचीकडे बोट दाखवतात आणि दुसरी सूची उघडली की अर्थ बदललेला असतो. म्हणूनच या नावांची घडण जरा बारकाईने पाहण्यासारखी आहे.

'हेमलता' या नावात हेम म्हणजे सोने, लता म्हणजे वेल. दोन्ही पदे स्पष्ट, समास सरळ. 'देवांशी'तही सुरुवात तशीच आहे. देवाचा अंश तो देवांश, म्हणजे षष्ठी तत्पुरुष. अडचण शेवटच्या 'ई'पाशी येते. संस्कृतात 'अंशिन्' या शब्दाचे पुल्लिंगी रूप 'अंशी' आणि स्त्रीलिंगी रूप 'अंशिनी'. तेव्हा काटेकोर व्याकरणाने 'अंशी' हा पुरुष ठरतो! परंतु मुलगा-मुलगी, काका-काकी ही मराठी, हिंदी आणि गुजरातीची अंगवळणी पडलेली रीत आहे. 'ई' लागली की शब्द स्त्रीलिंगी झाला, हे आपल्या कानाला आपोआप पटते. 'देवांशी' ही संस्कृत शब्दावर देशी भाषांनी चढवलेली वेलांटी आहे.

यात आणखी एक गुंता आहे. 'अंश' म्हणजे भाग. 'अंशु' म्हणजे किरण. हिमांशु, सुधांशु ही चंद्राची नावे या दुसऱ्या शब्दावरून आली. हिमांशुच्या धर्तीवर 'हिमांशी' रूढ झाले, तेव्हा 'अंशी'ला दोन पूर्वज मिळाले. त्यामुळे 'प्रियांशी' म्हणजे प्रियाचा अंश की प्रिय किरण, याचा निवाडा शब्दावरून करता येत नाही. तो नाव ठेवणाऱ्यालाच करावा लागतो.

'रियांशी'त तर पहिले पदच परके. 'रिया' हे स्त्रीनाम संस्कृत कोशांत आढळत नाही. ग्रीक पुराणकथांत झ्यूसची आई 'रिया' आहे. पोर्तुगीज भाषेत 'रिया' म्हणजे समुद्राचे पाणी आत शिरलेले खाडीसारखे मुख. नामसूच्यांत मात्र तिला कुठे 'गायिका' केलेले असते, कुठे 'डौलदार'. आधार कुणीच देत नाही. आपल्याकडे हे नाव लोकप्रिय झाले ते प्रामुख्याने उच्चाराला सुटसुटीत आणि कानाला गोड म्हणून. त्याला 'अंशी' जोडले की ऐकायला संस्कृत वाटणारे, पण निम्मेच संस्कृत असलेले नाव तयार होते.

म्हणून नाके मुरडण्याचे कारण नाही. ज्या 'मनीषा'ला आज आपण अस्सल मानतो, तीही सरळ वाटेने आलेली नाही. 'मनस्' आणि 'ईषा' यांचा नेहमीच्या नियमाने 'मनीषा' असा संधी होत नाही. त्यासाठी वैयाकरणांना 'शकन्ध्वादि' शब्दांचा वेगळा गट करून अपवाद मान्य करावा लागला. भाषेत शब्द आधी रुळतात, नियम मागून येतात.

मग अशी नावे घडवावीशी का वाटतात? एक कारण पत्रिकेचे. नक्षत्राच्या चरणावरून आद्याक्षर धरणारी घरे आजही कमी नाहीत. चित्रा नक्षत्राच्या चौथ्या चरणाला 'री' हे अक्षर येते आणि 'री'वरून मुलींची प्रचलित नावे मोजकीच आहेत. आर्द्रेचा 'ङ' किंवा हस्ताचा 'ण' वाट्याला आला तर नाव घडवण्याखेरीज गत्यंतरच नाही. दुसरे कारण वेगळेपणाच्या हौसेचे. एका वर्गात चार स्नेहा असलेल्या पिढीला आपल्या मुलीचे नाव वर्गात एकटे हवे असते.

तिसरे कारण अधिक महत्त्वाचे आहे. आई-वडिलांच्या नावांतील अक्षरे जोडण्याची पद्धत आता चांगलीच रुळली आहे. आई सायली आणि वडील निशांत असतील, तर मुलगी 'सानिशा'. कोशात शोधू गेल्यास 'सा' म्हणजे ती आणि 'निशा' म्हणजे रात्र असे काहीतरी हाती लागेल. घरातल्यांना अभिप्रेत असलेला अर्थ मात्र 'आम्ही दोघे' एवढाच असतो. महाराष्ट्रात मुलीच्या नावापुढे वडिलांचे नाव लागत आले. आईला तिथे जागा नव्हती. ती जागा पालकांनी मुलीच्या स्वतःच्या नावात शोधली.

मुलीचे नाव ही आपल्याकडे फार काळ तात्पुरती गोष्ट होती, हे येथे आठवावे लागते. आनंदीबाई जोशी माहेरच्या यमुना आणि रमाबाई रानडे यांचेही माहेरचे नाव यमुना. लग्नात ताटातल्या तांदळावर अंगठीने नवे नाव लिहिले की जुने पुसले जाई. दुसऱ्या टोकाला 'नकोशी'. हे नाव ठेवणाऱ्यांना अर्थ पुरेपूर ठाऊक होता, आणि तोच त्या मुलींचा अपमान होता. सातारा जिल्ह्यात ऑक्टोबर २०११मध्ये अशा २८५ मुलींना समारंभपूर्वक नवी नावे देण्यात आली. अर्थपूर्ण नाव म्हणजे चांगले नाव, या समजुतीला यापेक्षा सणसणीत उत्तर नसेल.

या पार्श्वभूमीवर 'अंशी'चा एक विस्मरणात गेलेला अर्थ लक्षात घेण्याजोगा आहे. धर्मशास्त्रात 'अंशी' म्हणजे मालमत्तेतील वाटेकरी. वडिलोपार्जित एकत्र कुटुंबाच्या मालमत्तेत हिंदू कायद्याने हा वाटेकरी जन्मतः मुलगाच असे. महाराष्ट्राने १९९४मध्ये, आणि संसदेने २००५मध्ये देशभरासाठी, कायद्यात दुरुस्ती करून मुलीलाही जन्मसिद्ध हक्क दिला. नामसूची चाळणाऱ्या पालकांच्या मनात हे नसते. तरीही, व्याकरणाने पुल्लिंगी असलेला वाटेकरीवाचक शब्द मुलींच्या नावात रुळावा, हा योगायोग बोलका आहे. पुढे राज्य सरकारने १ मे २०२४पासून जन्मलेल्या बालकांच्या शासकीय कागदपत्रांत बालकाचे नाव, आईचे नाव, वडिलांचे नाव आणि आडनाव असा क्रम ठरवला. अक्षरे जुळवून जी जागा मिळवावी लागत होती, ती आता नोंदीतच आली आहे.

अर्थात, नाव घडवण्याबरोबर काही जबाबदारीही येते. १ ऑक्टोबर २०२३पासून जन्मलेल्यांना शाळाप्रवेश, मतदारयादी, वाहन परवाना आणि विवाहनोंदणीसाठी जन्मदाखला हाच आधार ठरणार आहे. दाखल्यावर एक वेलांटी, आधार कार्डावर दुसरी आणि इंग्रजीत तिसरेच स्पेलिंग असे झाले, तर ते निस्तरत बसण्याची वेळ त्या मुलीवरच येते. जन्मनोंद नावाविना करून बारा महिन्यांच्या आत नाव विनाशुल्क घालता येते. तेव्हा बारशाच्या घाईत अक्षरे ठरवण्याची गरज नाही. देवनागरीत ऱ्हस्व-दीर्घ आधी निश्चित करावे, रोमन लिपीतील रूप त्यावरून ठरवावे आणि अनोळखी माणसाला ते एकदा मोठ्याने वाचायला लावावे. एवढ्याने पुढचे बरेच हेलपाटे वाचतील.

राहिला प्रश्न अर्थाचा. शाळेत जाऊ लागल्यावर मुलगी तो विचारणारच. त्या वेळी 'संस्कृतात याचा अर्थ अमुक' असे उसने उत्तर देण्यापेक्षा, हे नाव कुणी, कसे आणि का जुळवले, हे तिला सरळ सांगावे. ते तिला दुसऱ्या कोणत्याही सूचीत मिळणार नाही.