चरित्र अभिनेता परदेशात जातो तेव्हा...

पिंपरी, विशेष प्रतिनिधी

पिंपरी-चिंचवडपासून चाकणपर्यंतच्या औद्योगिक पट्ट्यात परदेशी नोकरी ही आता नवलाईची गोष्ट राहिलेली नाही. अभियंता जर्मनीत गेला, तरी त्याची विद्या त्याच्यासोबत जाते; यंत्राला उच्चार कळत नाहीत. अभिनेत्याचे तसे नसते. भाषा आणि उच्चार हेच त्याचे भांडवल, आणि सीमा ओलांडताच नेमके तेच त्याच्या वाटेत उभे राहते. रणजित चौधरी यांची कारकीर्द या दृष्टीने अभ्यासण्याजोगी आहे.

ज्येष्ठ रंगकर्मी पर्ल पदमसी यांचे पुत्र असलेले चौधरी मुंबईच्या इंग्रजी रंगभूमीच्या वातावरणात घडले. बासू चटर्जी यांचे 'खट्टा मीठा' (१९७८) आणि 'बातों बातों में' (१९७९), तसेच हृषीकेश मुखर्जी यांचा 'खूबसूरत' (१९८०) या चित्रपटांतून ते घरोघरी पोहोचले. 'बातों बातों में'मधला व्हायोलिन वाजवणारा नायिकेचा भाऊ आजही अनेकांच्या स्मरणात आहे. त्यानंतर त्यांनी अमेरिकेची वाट धरली.

साचेबंद भूमिका

तेथे काम मिळाले, पण ते बहुतांशी ठरावीक साच्यातले. 'लास्ट हॉलिडे' (२००६) मध्ये ते चुकीचे निदान करणारे डॉक्टर गुप्ता झाले. 'द ऑफिस' या गाजलेल्या मालिकेत दूरध्वनीवरून माल विकणारा विक्रम त्यांनी रंगवला. 'प्रिझन ब्रेक'मध्येही ते दिसले. या भूमिका लहान असूनही त्यांनी त्या नेटकेपणाने वठवल्या. मात्र पटकथेत या पात्रांना स्वतःचे घर किंवा भूतकाळ फारसा नव्हता.

यावर चौधरी यांनी काढलेला मार्ग अधिक महत्त्वाचा ठरतो. त्यांनी स्वतःच पटकथा लिहिली. दीपा मेहता दिग्दर्शित 'सॅम अँड मी' (१९९१) मध्ये टोरांटोत येऊन एका वृद्ध ज्यू गृहस्थाची देखभाल करणारा भारतीय तरुण त्यांनीच लिहिला आणि साकारलाही. त्या वर्षी कान महोत्सवात पहिल्या चित्रपटासाठीच्या 'कॅमेरा द'ऑर' पुरस्काराच्या परीक्षकांनी या चित्रपटाची विशेष दखल घेतली. पुढे मेहता यांच्याच 'फायर' (१९९६) मधील नोकर मुंडू आणि 'बॉलिवूड/हॉलिवूड' (२००२) मधील वाहनचालक रॉकी यांत त्यांना वाव मिळाला. दोघेही हुद्द्याने नोकरच. पण ती पात्रे जिवंत होती. फरक लेखणी कोणाच्या हाती आहे, याचा होता.

दुसरी वाट

मीरा नायर यांच्या 'मिसिसिपी मसाला' (१९९१) मध्ये चौधरी यांच्याबरोबर पुण्याचे डॉ. मोहन आगाशे हेही होते. आगाशे मात्र परतले. मानसोपचारतज्ज्ञ म्हणून त्यांचा स्वतंत्र व्यवसाय होता. परदेशी भूमिकांवर त्यांचा चरितार्थ अवलंबून नव्हता. त्यांनी जर्मनीतून भूमिका आणल्या नाहीत, तर बर्लिनची 'ग्रिप्स' ही बालनाट्याची चळवळ पुण्यात आणली आणि मराठीत रुजवली. २००४ मध्ये जर्मनीच्या ग्योथे पदकाने त्यांचा गौरव झाला.

म्हणून चौधरी चुकले, असे म्हणता येणार नाही. दुसरा व्यवसाय हाताशी असण्याचे भाग्य प्रत्येक कलावंताला लाभत नाही. २०२० मध्ये उपचारांसाठी मुंबईत आले असताना टाळेबंदी लागली, परतीचा प्रवास राहिला आणि १५ एप्रिल रोजी वयाच्या ६४ व्या वर्षी त्यांचे निधन झाले.

त्याच वर्षी 'नेव्हर हॅव आय एव्हर' ही मालिका आली. अमेरिकेतील भारतीय कुटुंब तिच्या केंद्रस्थानी होते आणि तिच्या निर्मात्यांत भारतीय वंशाच्या मिंडी कलिंग होत्या. चौधरी यांनी १९९१ मध्ये एकट्याने जे केले, त्याला आता पडद्यामागे माणसे आणि पैसा मिळू लागला आहे. येथून परदेशी जाणाऱ्या तरुण नटांनी अभिनयाबरोबरच लेखनाचेही शिक्षण घ्यावे, हाच त्यांच्या कारकिर्दीचा व्यावहारिक धडा आहे.