मुदतपूर्व बदली आणि कोरी फाइल

बदली हा शासकीय सेवेचाच भाग आहे आणि हव्या त्या जागी राहण्याचा हक्क कर्मचाऱ्याला नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने शिल्पी बोस (१९९१) आणि एस. एल. अब्बास (१९९३) या निकालांत स्पष्ट केले असून, आदेश आकसाने काढलेला किंवा वैधानिक तरतुदीचा भंग करणारा असल्याखेरीज न्यायालये त्यात सहसा हस्तक्षेप करत नाहीत. महाराष्ट्रात ही वैधानिक तरतूदच भक्कम आहे. २००५ च्या बदली अधिनियमाने एका पदावरील सर्वसाधारण पदावधी तीन वर्षांचा ठरवला, बदल्यांसाठी एप्रिल-मे हे महिने नेमून दिले आणि मुदतपूर्व बदलीला, म्हणजे पदावधी संपण्याआधीच्या बदलीला, कलम ४(५) अन्वये लेखी कारणे व लगतच्या वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता बंधनकारक केली. त्यामुळे राज्य कर्मचाऱ्यांचे सेवाविषयक वाद ऐकणाऱ्या महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, अर्थात ‘मॅट’मध्ये, वाद हेतूपेक्षा फाइलवर अधिक रंगतो, आकस सिद्ध करणे दुरापास्त असते, कोरी टिपणी मात्र लपत नाही. ‘प्रशासकीय निकड’ हे दोन शब्द कारण ठरत नाहीत, ते कारणाचे शीर्षक असते. निनावी तक्रारीवरून शिक्षेऐवजी केलेली बदलीही टिकत नाही, असे सोमेश तिवारी खटल्यात (२००९) ठरले. कर्मचाऱ्यावर आरोप असतील तर विभागीय चौकशीचा मार्ग खुला आहे. पूर्वमान्यता देणाऱ्यांनी सही करण्यापूर्वी कारणे वाचावीत आणि ती नसल्यास प्रस्ताव परत पाठवावा.