लाकडी मूर्तींना जाग आणणारा प्रकाश

ग्रानादात १९०४ मध्ये जन्मलेल्या चित्रपटकार होसे वाल देल ओमार यांची कीर्ती उभी आहे ती अवघ्या तीन लघुपटांवर. तिसरा तर त्यांच्या हयातीत पूर्णही झाला नाही. तरीही स्पॅनिश सिनेमाच्या इतिहासात त्यांना तळटीपेत ढकलणं हा अन्यायच आहे.

त्या तिघांपैकी ‘फुएगो एन कास्तिया’ पाहावा. वायादोलिदच्या संग्रहालयातल्या बेरुगेते आणि हुआन दे हुनी या शिल्पकारांच्या शतकानुशतकं निश्चल उभ्या लाकडी मूर्ती. वाल देल ओमार त्यांच्यावर थरथरता, नक्षीदार प्रकाश फिरवतात आणि संतांच्या चेहऱ्यांवर वेदना अक्षरशः सरकू लागते. नजरेनं स्पर्श करता यावा, हा त्यांचा ध्यास होता.

१९६१ मध्ये कान महोत्सवानं या लघुपटाची दखल घेतली, पण तंत्रासाठी! इथेच गफलत झाली. तंत्रज्ञ ते होतेच: पडद्यामागून एक आणि प्रेक्षकांच्या पाठीमागून दुसरा आवाज सोडण्याची पद्धत त्यांनी चाळीसच्या दशकातच मांडली होती. मात्र त्यांचं यंत्र आणि त्यांची कविता वेगळी काढताच येत नाही.

१९३०च्या दशकात ते सरकारी शैक्षणिक मोहिमांबरोबर खेडोपाडी सिनेमा दाखवत हिंडले होते. पडद्याकडे पहिल्यांदाच पाहणारे गावकरी त्यांनी छायाचित्रांत टिपले. असा माणूस १९८२ मध्ये वारला तेव्हा जवळजवळ विस्मृतीत गेलेला होता. आज त्यांचे लघुपट फिल्म सोसायट्यांनी मोठ्या पडद्यावर, पूर्ण अंधारात दाखवायला हवेत.