आटपाडी, बर्लिन आणि सोल

१९५८ साली बर्लिनच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात व्ही. शांताराम यांच्या 'दो आँखें बारह हाथ' या चित्रपटाला रौप्य अस्वलाचा मान मिळाला. त्यानंतर तीनच वर्षांनी, १९६१ मध्ये, त्याच महोत्सवात कांग दे-जिन यांच्या 'माबू' या कोरियन चित्रपटालाही रौप्य अस्वल मिळाले. 'माबू' म्हणजे घोडागाडीवाला. सोल शहरात गाडी हाकून मुलांचा संसार ओढणाऱ्या एका विधुर बापाची ती साधी कहाणी. एवढ्या मोठ्या महोत्सवात पुरस्कार मिळवणारा तो पहिला कोरियन चित्रपट मानला जातो.

या दोन पुरस्कारांपैकी पहिल्याशी आपल्या सातारा-सांगलीच्या मातीचा थेट संबंध आहे. 'दो आँखें'ची कथा ग. दि. माडगूळकरांची, आणि ते आटपाडी तालुक्यातल्या शेटफळ्याचे. कैद्यांना भिंतीबाहेर आणून शेतीवर माणूस करू पाहणाऱ्या जेलरची ती कल्पना निव्वळ कल्पना नव्हती. औंध संस्थानात, आटपाडीजवळ, १९३९ साली 'स्वतंत्रपूर' ही खुली वसाहत सुरू झाली होती. भवानराव पंतप्रतिनिधींसारखा राजा आणि मॉरिस फ्रीडमन हा पोलंडमध्ये जन्मलेला अभियंता यांनी केलेला तो प्रयोग. औंध आज साताऱ्यात आहे, आटपाडी सांगलीत. एका छोट्या संस्थानातली गोष्ट बर्लिनला पोचली, आणि तीही कोरियाच्या आधी.

मग पुढे काय झाले? २०१९ साली बोंग जून-हो यांच्या 'पॅरासाइट'ला कान महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला आणि २०२० च्या फेब्रुवारीत सर्वोत्कृष्ट चित्रपटासह चार ऑस्कर. आज आपल्याकडच्या महाविद्यालयीन मुलामुलींना सोलमधल्या गल्ल्या, तळघरातल्या खोल्या, नूडल्सचे वाडगे घरच्यासारखे परिचित आहेत. माणदेश मात्र त्यांनी पडद्यावर क्वचितच पाहिलेला असतो. माणदेशातून येणाऱ्या मुलांचीही गत तीच.

अशा वेळी आपल्या चर्चासत्रांतून एक वाक्य हमखास ऐकू येते. जे अस्सल स्थानिक, तेच वैश्विक. कोरियन चित्रपट आपल्या मातीशी इमान राखून आहेत, म्हणून ते जगाला भावले, असा त्याचा अर्थ. मला हे वाक्य अर्धसत्य वाटते, आणि अर्धे असल्यामुळेच ते सोयीचे आहे. मातीशी इमान ही जर पुरेशी अट असती, तर 'बनगरवाडी'ने जग जिंकायला हवे होते. व्यंकटेश माडगूळकरांची ही कादंबरी १९५५ ची. अमोल पालेकरांनी तिच्यावर १९९५ साली चित्रपट केला. त्याहून अस्सल स्थानिक काय असणार? तरीही मराठीच्या वर्गात कादंबरी शिकवताना 'चित्रपट कुणी पाहिला आहे?' असे विचारले की बहुधा शांतता पसरते.

वाक्याचा उरलेला अर्धा भाग कोरियाच्या इतिहासात सापडतो. 'माबू'नंतर तिथेही लष्करी राजवट आली, कडक सेन्सॉरशिप आली आणि सत्तरच्या दशकात तो चित्रपट पार खंगला. तो पुन्हा उभा राहिला, तो नुसत्या प्रतिभेच्या बळावर नव्हे. १९८४ साली शासनाच्या आश्रयाने कोरियन चित्रपट अकादमी निघाली. बोंग जून-हो तिथलेच विद्यार्थी. १९९६ साली तिथल्या घटना न्यायालयाने चित्रपटांची पूर्वतपासणी घटनाबाह्य ठरवली. त्याच वर्षी बुसानचा महोत्सव सुरू झाला. चित्रपटगृहांनी वर्षातले १४६ दिवस देशी चित्रपट दाखवलेच पाहिजेत असा नियम होता. तो सैल होण्याची चिन्हे दिसताच, १९९९ साली, चित्रपटकर्मींनी भर रस्त्यात मुंडण करून निषेध केला. २००६ साली हे दिवस ७३ वर आले खरे. परंतु तोवर प्रेक्षकांना आपल्या भाषेतला चित्रपट पाहण्याची सवय लागून गेली होती.

आपल्याकडे काय नव्हते? पुण्याची चित्रपटसंस्था १९६० ची, म्हणजे कोरियन अकादमीच्या चोवीस वर्षे आधीची. साताऱ्याहून ती दोन-तीन तासांच्या वाटेवर आहे. उणीव होती ती पडद्याची आणि सवयीची. २०१५ साली मल्टिप्लेक्समध्ये मराठी चित्रपट 'प्राइम टाइम'ला दाखवण्याची सक्ती जाहीर झाली, गदारोळ झाला, आणि 'प्राइम टाइम' दुपारी बारापासून रात्री नऊपर्यंत पसरला. मराठी माणसाने त्यासाठी मुंडण केल्याचे ऐकिवात नाही.

आणखी एक गोष्ट बोचते. 'दो आँखें'ची गोष्ट आपली, लेखक आपला, दिग्दर्शक आपला. भाषा मात्र हिंदी. शांतारामांना त्यासाठी दोष देण्यात अर्थ नाही, कारण प्रेक्षक आणि पैसा तिथेच होता. पण तो रिवाज पुढेही चालू राहिला. वाई-मेणवलीचा परिसर 'गंगाजल'मध्ये (२००३) बिहार झाला, 'स्वदेस'मध्ये (२००४) आणि 'दबंग'मध्ये (२०१०) उत्तर प्रदेश झाला. कृष्णेचा घाट सगळ्यांना हवा आहे, फक्त कृष्णाकाठची भाषा नको. पोटाला रोजगार मिळतो, हे खरे आणि महत्त्वाचेही. पण दुसऱ्याचा मुखवटा म्हणून वापरल्या जाणाऱ्या भूमीला स्वतःचा चेहरा हळूहळू अनोळखी होत जातो.

कोरियाची आरती ओवाळण्याचा माझा हेतू नाही. तिथेही मोजक्या बड्या कंपन्यांच्या हाती पडदे एकवटले आहेत. २०१९ साली तिथे बावीस कोटींहून अधिक तिकिटे खपली होती, २०२४ मध्ये ती सुमारे बारा कोटींवर घसरली. घडवलेली सवयही मोडू शकते, एवढाच त्याचा अर्थ.

सांगलीकरांना हे सारे नवे वाटायचे कारण नाही. कर्नाटकातून आलेल्या भागवत मंडळींचे खेळ चिंतामणराव पटवर्धनांनी पाहिले, तेव्हा ते नुसते वाहवा करून थांबले नाहीत. तसे काही मराठीत व्हावे म्हणून त्यांनी विष्णुदास भाव्यांना आश्रय दिला, आणि १८४३ साली 'सीतास्वयंवर' उभे राहिले. पुढे राजाश्रय तुटल्यावर भावे गावोगाव फिरले, तिकीट लावून खेळ केले आणि प्रेक्षक घडवला. परक्याचे चांगले पाहून आपल्या भाषेत काही घडवण्याची ही रीत आपल्याला पावणेदोनशे वर्षांपूर्वी ठाऊक होती.

आज राजाश्रय आपल्या हाती नाही; वर्ग आहे. मुलांनी कोरियन चित्रपट जरूर पाहावेत. पण ज्या आठवड्यात 'बनगरवाडी' शिकवायची, त्या आठवड्यात ती पडद्यावरही दाखवावी, आणि एकदा 'माबू' आणि 'दो आँखें' शेजारी शेजारी लावावेत. आटपाडीच्या एखाद्या मुलीला त्या दिवशी कळेल, की तिच्या गावाजवळची गोष्ट आधी बर्लिनला पोचली होती. पुढची गोष्ट ती कोणत्या भाषेत सांगेल, हे मात्र आपण तिला काय दाखवले यावर ठरेल.