‘उपकार होतील’ हे शब्द खोडा

दोस्तहो, आधी एक कबुली देतो. आजवर मी शे-दीडशे अर्ज लिहिले असतील. म्हाताऱ्यांचे, विधवांचे, हातपाय गेलेल्यांचे. आणि प्रत्येक अर्जाच्या शेवटी मी तेच लिहीत आलो : ‘तरी साहेबांनी मेहेरबान होऊन अर्ज मंजूर करावा, माझ्यावर उपकार होतील.’ शाळेत रजेचा अर्ज लिहायला शिकवला तिथंच ही लाचारी हाताला लागली. पुढं मार्क्स वाचला, बाबासाहेब वाचले, कविता केल्या. हात काही सुधरला नाही.

मागच्या उन्हाळ्यात नंदुरबार जिल्ह्यातल्या एका तहसील कचेरीबाहेर, झेरॉक्सच्या दुकानाच्या पायरीवर बसून आमच्या वस्तीतल्या एका आजीचा अर्ज भरत होतो. श्रावणबाळ योजनेचा. भरून झाल्यावर ती म्हणाली, वाचून दाखव. मी वाचलं. शेवटच्या ओळीला तिनं थांबवलं. ‘कसाना उपकार रे पोऱ्या?’

मला उत्तर आलं नाही. हा लेख म्हणजे त्या उत्तराची उशिरा केलेली जुळवाजुळव आहे.

आपल्या आज्या-पणज्यांनी गावकी केली. सांगावे नेले, मेलेली ढोरं ओढली, सरकारी माणसाच्या घोड्यापुढं धावले. त्याचा मोबदला काय? दारोदार फिरून मागायची भाकर. ती भाकर मजुरी होती, सरळसरळ कामाचा दाम होता. पण ती ‘वाढा माय’ म्हणून, ‘जोहार मायबाप’ म्हणूनच मागायची असा दंडक होता. घेणाऱ्यानं ती भीक समजावी आणि देणाऱ्यानं पुण्य, ही खरी मेख. दाम मागणारा भांडतो, भीक मागणारा भांडत नाही. बाबासाहेबांनी ही मेख ओळखली, म्हणून १९२८ साली मुंबई कायदेमंडळात वतनाविरुद्ध बिल आणलं. अनेक महारांनाच तेव्हा वाटलं, हा आपला हक्क तोडतोय. कायद्यानं वतन गेलं ते १९५८ साली, बाबासाहेब गेल्यावर.

वतन गेलं, ‘वाढा माय’ गेलं नाही. ते अर्जाच्या शेवटच्या ओळीत जाऊन बसलंय.

आता या योजनांची नावं बघा. एक संजय गांधी निराधार अनुदान योजना. १९८० साली आली, राज्य करणाऱ्या घराण्यातल्या पोराच्या नावानं. दुसरी श्रावणबाळ सेवा राज्य निवृत्तीवेतन योजना. म्हंजे सरकार श्रावणबाळ, आणि आपले म्हातारे त्याच्या कावडीत! अरे, पण त्या गोष्टीत श्रावणाला मारलं कुणी? राजानं. अंधारात बाण सोडला आणि मग आंधळ्या म्हाताऱ्यांपुढं हात जोडले. नाव ठेवणाऱ्याला गोष्ट पुरती ठाऊक नसावी, किंवा चांगलीच ठाऊक असावी. तिसरी २०२४ ची लाडकी बहीण. निराधार, कावडीतले आईबाप, बहीण, आणि सगळ्यांना मिळून ‘लाभार्थी’. एवढ्या नावांत एक नाव कुठंच नाही : नागरिक.

राज्यघटनेत हे नाव आहे. अनुच्छेद ४१ काढा. बेकारी, म्हातारपण, आजार, अपंगत्व अशा वेळी सार्वजनिक सहाय्याचा हक्क मिळवून देण्यासाठी राज्यानं आपल्या आर्थिक कुवतीच्या मर्यादेत परिणामकारक तरतूद करायची आहे. शब्द ‘हक्क’ आहे. कुणी वकील म्हणेल, हे मार्गदर्शक तत्त्व, कोर्टात चालत नाही. बरोबर. पण अनुच्छेद ३७ हेही सांगतो की ही तत्त्वं राज्यकारभारात मूलभूत आहेत आणि ती लागू करणं राज्याचं कर्तव्य आहे. ४ नोव्हेंबर १९४८ ला घटना समितीत बाबासाहेबांनी बजावलं होतं की ही तत्त्वं मोडणाऱ्याला कोर्टात जाब द्यावा लागणार नाही, पण निवडणुकीत मतदारांपुढं नक्की द्यावा लागेल. राज्यकर्त्यांनी यातून उलटा धडा घेतला. जाब द्यायच्या ऐवजी निवडणुकीच्या तोंडावर पैसे द्यायचे. जून २०२४ ला लाडक्या बहिणीचा शासन निर्णय, नोव्हेंबर २०२४ ला मतदान.

आता हिशोब मांडू. हिशोबाला भावना नसते, म्हणून तोच जास्त बोलतो.

संजय गांधी आणि श्रावणबाळ, दोन्हीला एकतर दारिद्र्यरेषेच्या यादीत नाव पाहिजे, नाहीतर कुटुंबाचं उत्पन्न वर्षाला २१,००० रुपयांच्या आत पाहिजे. अपंगांना ही मर्यादा ५०,००० आहे, ते सोडा. २१,००० म्हंजे महिन्याला १,७५०. दिवसाला साडेसत्तावन्न रुपये. सगळ्या घराचे मिळून. २०२३ साली अनुदान हजाराचं दीड हजार झालं, तेव्हाही ही मर्यादा जागची हलली नाही.

रोजगार हमीची मजुरी २०२४-२५ साली महाराष्ट्रात २९७ रुपये होती. कायद्यानं हमी होती १०० दिवसांची. घरातल्या एका माणसानं ७१ दिवस हमीवर माती उचलली की झाले २१,०८७. म्हातारी मर्यादेबाहेर! एका कायद्यानं सरकार म्हणत होतं, १०० दिवस काम देतो. दुसऱ्या कागदानं म्हणतं, ७१ दिवस केलंस तर तुझी आई निराधार नाही.

आणखी पुढं. लाडक्या बहिणीला पैसे तेवढेच, दीड हजार. पण तिथं उत्पन्नाची मर्यादा अडीच लाख. वय २१ ते ६५. बाई पासष्टीच्या पुढं गेली की बहीणपण संपतं, मग तिनं श्रावणबाळाच्या दारात जायचं, आणि मर्यादा अडीच लाखांवरून धाडकन एकवीस हजारांवर येते. कंबर मोडली, नजर गेली, तेव्हा जास्त गरीब असल्याचं सिद्ध कर! केंद्र सरकारची तऱ्हा तर विचारूच नका. राष्ट्रीय वृद्धापकाळ योजनेत ऐंशीच्या आतल्या म्हाताऱ्याला केंद्राचा वाटा २००७ साली २०० रुपये होता, २०२५ सालीही २००च.

मग एवढे अर्ज मंजूर होतात कसे? सगळ्यांना ठाऊक आहे कसे. ‘एकवीस हजाराच्या आतला दाखला’ काढतात. तलाठ्याला ठाऊक आहे की साडेसत्तावन्न रुपयांत घर चालत नाही. तहसीलदाराला ठाऊक आहे, कमिटीला ठाऊक आहे, मंत्र्याला ठाऊक आहे. सरकारनं एक अशी अट घातली, जी खरं बोलून पुरी करणं बहुतेक घरांना अशक्य आहे. म्हंजे खोटं बोलायला भाग पाडलं. आणि खोटं बोलायला लावलेला माणूस मोर्चात येत नाही. त्याच्या मानेवर कायम एक कागद लटकत असतो : जास्त बोललास तर चौकशी लावू. पुढाऱ्याला हेच पाहिजे. गावचा दलाल याच भीतीवर जगतो. दीड हजारात सरकार म्हातारीचं पोट भरत नाही, पण तिचं तोंड बंद करतं. माझं सगळं भांडण इथं आहे.

पुन्हा कागदं किती! रहिवासी दाखला : महाराष्ट्रात १५ वर्षं राहिल्याचा. आपल्या जिल्ह्यातली हजारो माणसं दिवाळीनंतर कोयता घेऊन गुजरातेत ऊस तोडायला जातात आणि उन्हाळ्यात परततात. त्यांच्या पंधरा वर्षांची मोजणी कशी करायची? अक्राणी-अक्कलकुव्यात सरदार सरोवराच्या पाण्यात गावंच्या गावं गेली. बुडालेल्या घराचा रहिवासी दाखला कुणी द्यायचा? वयाचा दाखला : जी शाळेत गेलीच नाही तिनं शाळा सोडल्याचा दाखला कुठून आणायचा? घरात पावरी, भिली, मावची, अहिराणी. कागद मराठीत, तोही असा की मराठीच्या मास्तरालाही दोनदा वाचावा लागतो.

आणि आधार. २९ सप्टेंबर २०१० ला देशातलं पहिलं आधार कार्ड दिलं गेलं ते आपल्याच जिल्ह्यात, शहादा तालुक्यातल्या टेंभलीला. पंतप्रधान मनमोहन सिंग आले, सोनिया गांधी आल्या. गरिबाला ओळख मिळाली असं सांगितलं. आज निराधाराचे पैसे आधार जोडलेल्या खात्यातच येतात. बोटाचे ठसे आयुष्यभर दगड-माती आणि उसाच्या पाचटानं घासून गेलेले. मशीन म्हणतं, जुळत नाही. निराधाराकडं आधार मागतात आणि आधार तिला ओळखत नाही! सप्टेंबर २०२५ मध्ये लाडक्या बहिणीला ई-केवायसी लावली, तिथं बाईच्या आधारासोबत नवऱ्याचा नाहीतर बापाचा आधार मागितला. बाईचं अंगठ्यावरचं नावसुद्धा एकटीचं नाही.

वर दर वर्षी हयातीचा दाखला. त्या पायरीवर आणखी एक म्हातारी होती, तिला खिडकीतून विचारलं, जिवंत असल्याचा कागद कुठंय? ती म्हणाली, ‘मी मरेल ऱ्हातू ते आठे कशी येतू?’ सगळे हसले. मीही हसलो, आणि मग लाज वाटली. सरकारी नोकरीतून निवृत्त झालेला साहेबही हयातीचा दाखला देतो. पण त्याच्या पेन्शनीला कुणी अनुदान म्हणत नाही, त्याला कुणी निराधार म्हणत नाही, पोरगा काय करतो असं कुणी विचारत नाही. त्यानं तीस वर्षं खुर्चीत काम केलं, हिनं पन्नास वर्षं उन्हात. एकाचं म्हातारपण हक्काचं, दुसरीचं मेहेरबानीचं. हा भेद कामाचा नाही, जातीचा आहे.

आता आपल्याकडं वळू. दुसऱ्याला शिव्या देणं सोपं.

आपल्यात दोन जाती झाल्यात. पहिली दलालांची. निळा रुमाल गळ्यात, गाडीवर ‘जय भीम’, आणि एका फॉर्मचे पाचशे. म्हातारीचे पहिल्या हप्त्याचे हजार वेगळे. यांच्याशी वाद घालत नाही, यांची नावं वस्तीत मोठ्यानं घ्यायची.

दुसरी जात जास्त अवघड, कारण ते आपले जिगरी दोस्त आहेत. ते म्हणतात, फॉर्म भरणं हे एनजीओचं काम, यानं व्यवस्था बदलत नाही, क्रांतीचं बोला. बोला की! पण १९७२ साली शहादा-तळोद्यात श्रमिक संघटना उभी राहिली ती जमीन आणि मजुरी या सवालांवर. बळकावलेल्या जमिनीचा सवाल म्हंजे सातबाऱ्याचा सवाल. कागद कुणाच्या हातात, आणि तो वाचतं कोण, याचा सवाल. कागदाला तुच्छ मानणारा क्रांतिकारक शेवटी कागद दलालाच्या हाती देतो. बाबासाहेबांनी ‘शिका’ सांगितलं ते कशासाठी? तुझी पदवी भिंतीवर आणि तुझ्या शेजारची आजी पाचशे रुपये देऊन सही करवून घेते, तर तू शिकलास कुणासाठी?

मी म्हणतो, फॉर्म भरा. पण लढाई म्हणून भरा.

पहिलं, ‘मेहेरबान’, ‘उपकार’, ‘कृपा’ हे शब्द खोडा. लिहा : ‘अनुच्छेद ४१ नुसार सार्वजनिक सहाय्याची मागणी करीत आहे.’

दुसरं, अर्ज म्हातारीला तिच्या बोलीत पुरा वाचून दाखवा. न समजता अंगठा घेणं हे सावकाराचं काम.

तिसरं, पोच घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका. उत्पन्न आणि रहिवासाचे दाखले महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ खाली येतात. मुदतीत द्यायचे, नाकारायचे तर कारण लेखी द्यायचं, वर अपील आहे, आणि कसूर करणाऱ्या अधिकाऱ्याला ५०० ते ५,००० दंड आहे. ‘तोंडी नाही’ हे उत्तरच नाही, त्यांना लिहायला लावा.

चौथं, एकट्यानं जाऊ नका. भिलाटीतले, महारवाड्यातले, मांगवाड्यातले अर्ज एका दिवशी, एका रांगेत. या जिल्ह्यात आपण मूठभर आणि आदिवासी बहुसंख्य. आपण लिहिणारे होऊ, ते आपल्यासोबत उभे राहतील, आपण त्यांच्यासोबत.

पाचवं आणि मुख्य, प्रत्येक अर्जासोबत दुसरा कागद जोडा : ही २१,००० ची मर्यादा रद्द करा, आम्हाला खोटं बोलायला लावू नका. बहिणीला अडीच लाख, तर आईला का नाही? शंभर अर्जांसोबत शंभर वेळा हा कागद गेला तर आवक-जावकच्या रजिस्टरात तरी त्याची नोंद होईल. ते रजिस्टर माहिती अधिकारात आपणच मागू.

आजीचा अर्ज त्या दिवशी मी पुन्हा लिहिला. नवा कागद, नवी शेवटची ओळ. कारकून म्हणाला, ‘असं लिहीत नसतात.’ आजी म्हणाली, ‘लिखेल शे ना? मग ले.’ घेतला. पोच दिली. मंजुरी अजून नाही. पुढच्या सोमवारी आम्ही पुन्हा जाणार आहोत, या वेळी सतरा जण.

तुमच्या तालुक्यात किती?

जय भीम.