गोठलेला काळ

काळ गोठून त्याचे डोंगर झाले आहेत, आणि त्या डोंगरांत पाऊल चुकलें तर वाटसरू एका शतकांतून दुसऱ्या शतकांत पडतो, अशा कल्पित मुलखाच्या गोष्टी अलीकडे तरुण मंडळी आवडीनें वाचतात. वडीलधाऱ्यांस त्यांचें हंसूं येतें. वैशेषिक दर्शन शिकलेला मनुष्य तर लागलीच हरकत घेईल कीं, नऊ द्रव्यांत काल गणलेला आहे खरा, पण तो एक, नित्य आणि विभु. ज्यास मूर्ति नाहीं तो गोठणार कसा? हरकत शास्त्रशुद्ध आहे. परंतु क्षण, दिवस, वर्ष हे भेद उपाधींमुळें कळतात, असेंहि तेंच शास्त्र सांगतें. आणि उपाधि मूर्त असूं शकते, दगडांत घट्ट होऊन राहूंहि शकते. आमच्या साखरखेर्ड्याच्या भोंवतालची जमीन अशाच उपाधींनीं भरलेली आहे, आणि ती गोष्टींतल्या मुलखाइतकीच धोक्याची आहे, एवढें या वेळीं वाचकांपुढें मांडावयाचें आहे.

उन्हाळ्यांत एखाद्या न बांधलेल्या विहिरीच्या कांठावरून आंत पाहावें. वर काळी माती, तिच्याखालीं मुरूम, मग कठीण काळा पाषाण, आणि कित्येक ठिकाणीं त्या पाषाणाच्या मधेंच विटेच्या रंगाचा एक तांबडा पट्टा दिसतो. हा पाषाण म्हणजे थिजलेला लाव्हारस. सुमारें ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीं भूमीच्या भेगांतून तो थरावर थर वाहत आला, आणि आजहि सुमारें ५ लाख चौरस किलोमीटर प्रदेश त्यानें झांकलेला आहे.

आतां नवल असें कीं, या भिंतींत जें जाड दिसतें तें अल्पकाळाचें, आणि जें बारीक दिसतें तें दीर्घकाळाचें. पुरुषभर उंचीचा रस थिजावयास कांहीं आठवडे, फार तर कांहीं महिने पुरतात. तांबडा पट्टा मात्र दोन उद्रेकांमधल्या विसाव्याचा आहे. त्या विसाव्यांत ऊन, वारा, पाऊस यांनीं पाषाणाचा पृष्ठभाग कुजविला, त्याची माती केली, आणि पुढच्या रसानें ती माती झांकून भाजून काढली. वीतभर मातीस शेंकडों, हजारों वर्षें लागलीं असतील. घाईनें पाहणारा पाषाण मोजतो आणि काळ त्याच्या नजरेंतून सुटतो.

धोकाहि तेथेंच आहे. ही माती भिजली म्हणजे फुगते, वाळली म्हणजे तडकते, आणि उघडी पडली म्हणजे सुटूं लागते. ती सुटली कीं वरचा जड पाषाण अधांतरीं राहतो. म्हणून जाणते विहीर खोदणारे तो पट्टा दगडांनीं बांधून काढल्यावांचून खालीं उतरत नाहींत. आमच्या ओळखीच्या एका कुटुंबांत यावरून मोठा पेंच पडला होता. विहीर खोल करण्याचें काम चालू, पैसा संपत आलेला, आणि असा पट्टा लागला. मुलाचें म्हणणें, आधीं पाणी लागूं द्यावें, बांधकाम मागाहून करूं. म्हातारी आई एवढेंच म्हणाली, "पाणी पुढल्या सालीं लागंल, बापा, खालीं उतरलेला माणूस पुढल्या सालीं येईल का?" मुलानें काम थांबविलें आणि राहिलेल्या पैशांत पट्टा बांधून घेतला. त्या वर्षीं पाणी लागलें नाहीं, बाग वाळली, घरांत बोलणींहि झालीं. विहीर पुढच्या वर्षीं खोल गेली. आईस भूगर्भशास्त्र ठाऊक नव्हतें. पण कोणत्या गोष्टीस वेळ द्यावा लागतो, हें तिला ठाऊक होतें.

याच्या उलट नमुना आमच्या जिल्ह्यांतच, लोणारास आहे. विष्णूनें लवणासुराचा वध केला ती ही जागा, असें परंपरा सांगते. गांवांत दैत्यसूदनाचें मंदिर आहे. शास्त्रज्ञ सांगतात कीं, आकाशांतून एक अशनि येऊन या पाषाणावर आदळली आणि सुमारें १.८ किलोमीटर व्यासाचें विवर पडलें. कित्येक ठिकाणीं पाषाण वितळला आणि थिजून त्याची कांच झाली. एक क्षण गोठलेला पाहावयाचा असेल तर तो येथें पाहावा. त्या क्षणाचें वय मात्र सहज सांपडत नाहीं. कांच तापविली असतां जो मंद उजेड निघतो, त्यावरून तें सुमारें ५२ हजार वर्षें ठरलें. वितळून थिजलेल्या खडकांतील आर्गॉन वायू मोजून २०११ सालीं तें सुमारें ५ लाख ७० हजार वर्षें ठरलें. घड्याळें दोन, आणि अंतर दहापटीहून अधिक! २०२० सालच्या जून महिन्यांत तेथील खारें पाणी क्षारप्रिय सूक्ष्म जीवांमुळें गुलाबी झालें, तेव्हां तें पाहावयास देश लोटला. आमच्या विहिरींतला तांबडा पट्टा पाहावयास कोणी येत नाहीं.

मनुष्यांच्या इतिहासाचीहि हीच रीत आहे. १७२४ सालीं आमच्या या गांवाजवळ निजामउल्मुल्क आणि मुबारिझखान यांची लढाई झाली. मुबारिझखान पडला, आणि हैदराबादचें जें आसफजाही राज्य १९४८ पर्यंत चाललें त्याचा पाया भरला गेला. विजयाप्रीत्यर्थ गांवास फत्तेखेर्डा हें नांव मिळालें; तें टिकलें नाहीं. इतिहासाच्या पुस्तकांत त्या लढाईस जागा आहे. पुढें तीनशें वर्षें या गांवानें नांगरलें, पेरलें, विहिरी खणल्या, त्यास ओळहि नाहीं. तोच आमचा तांबडा पट्टा.

संस्कृतांत काल शब्द कल् या धातूपासून साधितात. मोजणें आणि हांकणें हे दोन्ही अर्थ त्याच्या पोटांत आहेत. जो मोजावयाचें विसरतो त्यास काळ हांकून नेतो. असो. उन्हाळा आला कीं विहिरी खोल करण्याची घाई सुरू होते. ज्यांच्या शेतीवाडींत असें काम निघणार असेल त्यांनीं तांबडा पट्टा लागतांच काम थांबवावें, तो आधीं बांधून घ्यावा, आणि मगच दुसऱ्याच्या मुलास दोराला धरून खालीं उतरण्यास सांगावें.